‘बीम’ : एका तांत्रिक शब्दाचे चरित्र

साहित्याच्या वर्गात शब्दशक्तींची चर्चा करताना आपण नेहमी एक सोयीची विभागणी करतो. काव्यातला शब्द अनेकार्थी, ध्वनिगर्भ, संदर्भानुसार रंग बदलणारा. शास्त्रातला पारिभाषिक शब्द एकार्थी, व्याख्येने जखडलेला, अभिधेच्या पलीकडे न जाणारा. परीक्षेच्या उत्तरापुरती ही विभागणी चालून जाते. परंतु एखाद्या पारिभाषिक शब्दाचा प्रत्यक्ष इतिहास उलगडू लागले, की ती टिकत नाही. व्याख्या शब्दाला बांधून ठेवते हे खरे. पण शब्द व्याख्येच्या आधीपासून जगत असतो आणि व्याख्येत शिरताना आपला जुना संसार बरोबर घेऊन येतो.

रेडिओच्या साहाय्याने विमानाला वाट दाखवण्याच्या तंत्रातील ‘बीम’ हा शब्द या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या पहिल्या दीड वर्षात या शब्दाचा आणि त्याच्या जर्मन भावंडांचा अर्थ नीट लागतो की नाही, यावर शहरांचे भवितव्य काही अंशी अवलंबून होते. अर्थ लावण्याचे ते काम ज्यांनी केले त्यांत भौतिकशास्त्रज्ञ होते तसा जर्मन भाषेचा एक प्राध्यापकही होता. आणि त्यांची रीत पाहिली तर एखादा संहिता-समीक्षक पाठभेदांशी झगडताना जे करतो, त्याहून ती फार वेगळी नव्हती. म्हणून हा इतिहास केवळ तंत्रज्ञानाच्या अभ्यासकांपुरता ठेवण्याचे कारण नाही.

प्रथम शब्दाचे मूळ पाहू. जुन्या इंग्रजीत ‘बीम’चा अर्थ होता झाड. जर्मन भाषेत झाडासाठी आजही रूढ असलेला ‘बाउम’ हा शब्द त्याचा सख्खा भाऊ, आणि ‘हॉर्नबीम’ या वृक्षनामात तो जुना अर्थ इंग्रजीतही शिल्लक आहे. झाडापासून तासलेला लाकडाचा ओंडका, ओंडक्यापासून घराची तुळई, तराजूची दांडी, जहाजाच्या रुंदीत बसवलेली आडवी लाकडे, असा त्याचा विस्तार होत गेला. प्रकाशाचा झोत हा अर्थही जुन्या इंग्रजीतच त्याला चिकटला. बायबलमधील अग्निस्तंभाची कल्पना भाषांतरित करताना हा अर्थ आला असावा, असे कोशकारांचे मत आहे. म्हणजे इंग्रजी माणसाने उजेडाची तिरीप पाहिली ती उभ्या वा आडव्या लाकडासारखी : सरळ, भक्कम, हाताला लागेल अशी.

जर्मन भाषेत किरणासाठी ‘श्ट्राल’ हा शब्द आहे. त्याचे जुने रूप बाण या अर्थाचे होते, आणि विजेलाही तोच शब्द असे. विमानाला वाट दाखवणाऱ्या रेडिओझोताला जर्मन तंत्रज्ञ ‘लाइटश्ट्राल’ म्हणत, म्हणजे मार्गदर्शक किरण. मूळ प्रतिमा मात्र वाट दाखवणाऱ्या बाणाची.

आपल्याकडे काय दिसते? संस्कृतात ‘रश्मि’ म्हणजे किरण, आणि ‘रश्मि’ म्हणजेच दोरी, घोड्याचा लगाम. ‘अभीशु’ आणि ‘प्रग्रह’ या शब्दांनाही लगाम आणि किरण हे दोन्ही अर्थ आहेत. कठोपनिषदातील रथाच्या रूपकात मनाला ‘प्रग्रह’ म्हटले आहे, हे आपल्या विद्यार्थ्यांना माहीत असते. तोच शब्द किरणवाचक आहे हे सहसा सांगितले जात नाही. सूर्याला घोड्यांचा रथ देणाऱ्या परंपरेत हे दोन अर्थ एकत्र नांदावेत यात नवल नाही. मराठीतील विज्ञानलेखनात प्रकाशझोतासाठी ‘शलाका’ हा शब्द घेतला गेला. शलाका म्हणजे काडी, सळई, डोळ्यांत अंजन घालण्याची कांडी. कोशात बाण हाही तिचा एक अर्थ सापडतो.

एकाच गोष्टीकडे पाहताना कोणाला लाकूड आठवले, कोणाला बाण, कोणाला लगाम. रेडिओ येण्याच्या कित्येक शतके आधी भाषांनी या प्रतिमा निवडून ठेवल्या होत्या. गंमत अशी, की पुढे रेडिओच्या ‘बीम’ने ही तिन्ही कामे खरोखरीच केली.

रेडिओच्या परिभाषेत हा शब्द रुळला तो विसाव्या शतकाच्या विशीत. सुरुवातीचे बिनतारी संदेश दिव्याच्या उजेडाप्रमाणे सर्व दिशांना पसरत. लघुलहरी वापरून आणि अँटेनांची विशिष्ट रचना करून ही ऊर्जा एकाच दिशेला एकवटता येते, हे मार्कोनी कंपनीने व्यवहारात आणले आणि त्या पद्धतीला ‘बीम’ पद्धत हे नाव मिळाले. या इतिहासाचा एक धागा महाराष्ट्रातून जातो. १९२७ साली इंग्लंड आणि भारत यांच्यामध्ये बीम बिनतारी सेवा सुरू झाली, तेव्हा तिचे प्रक्षेपण केंद्र पुण्याजवळ खडकीला आणि ग्रहण केंद्र दौंडला होते. व्यापाऱ्यांच्या आणि सरकारी कचेऱ्यांच्या तारा तिथून सातासमुद्रापार जात. इथे ‘बीम’ म्हणजे दोन गावांना जोडणारा अदृश्य पूल होता. संदेश वाहून नेणे एवढेच त्याचे काम.

मार्गनिर्देशनात हा शब्द आला तेव्हा मात्र त्याच्या अर्थात एक मूलगामी बदल झाला, आणि तो बदल शब्दाने झाकून टाकला. अमेरिकेत विसाव्या दशकाच्या अखेरीपासून विमानमार्गांवर जी रेडिओकेंद्रे उभी राहिली, त्यांचे तत्त्व असे. केंद्रातून दोन वेगवेगळे संकेत शेजारशेजारच्या दिशांना सोडले जात. मोर्स लिपीत एक असे ‘ए’, म्हणजे एक टिंब आणि एक रेघ. दुसरा ‘एन’, म्हणजे एक रेघ आणि एक टिंब. वैमानिक मार्गाच्या एका बाजूला भरकटला तर त्याला ‘ए’ अधिक ठळक ऐकू येई, दुसऱ्या बाजूला गेला तर ‘एन’. दोन्हींचा जोर जिथे सारखा, तिथे एकाच्या रिकाम्या जागा दुसरा भरून काढी आणि कानात एक अखंड सूर वाजे. तो सूर धरून राहिले की विमान मार्गावर आहे असे समजावे. जर्मनीत लोरेन्झ कंपनीने तिशीच्या दशकाच्या पूर्वार्धात धुक्यात विमान उतरवण्यासाठी अशीच योजना केली. तिथे एका बाजूला टिंबे होती, दुसऱ्या बाजूला रेघा, आणि धावपट्टीच्या सरळ रेषेत अखंड सूर.

येथे एक गोष्ट नीट लक्षात घेतली पाहिजे. ज्याला वैमानिक ‘बीम’ म्हणत, ती सळईसारखी बारीक वस्तू आकाशात कुठेही नव्हती. आकाशात होते ते दोन रुंद, एकमेकांवर अंशतः पसरलेले झोत. त्यांतल्या कोणत्याही एकामध्ये राहणे म्हणजे वाट चुकणे. वाट म्हणून जे काही होते ते या दोन चुकांच्या समतोलात होते, आणि तो समतोल ओळखणारा कान नसेल तर वाटही नव्हती. तंत्रज्ञ याला समसंकेत-क्षेत्र म्हणत. पण ‘समसंकेत’ म्हटले की डोळ्यांपुढे काही उभे राहत नाही; ‘बीम’ म्हटले की एक सरळ, भरीव वाट दिसते. म्हणून ‘बीम’ टिकला. अमेरिकी बोलीत तर ‘बीमवर असणे’ म्हणजे अचूक असणे, भानावर असणे, असा वाक्प्रचार झाला आणि ज्यांनी विमानाची पायरीही चढली नव्हती असे लोक तो वापरू लागले. इंग्रजी खलाशांच्या भाषेत मात्र ‘बीमवर’ म्हणजे जहाजाच्या बरोबर आडव्या दिशेला. एकच शब्दप्रयोग, खलाशी त्याने बाजू दाखवी, वैमानिक समोरची वाट.

आता १९४० च्या जूनकडे वळू. फ्रान्स कोसळत होता. ब्रिटिश हवाई मंत्रालयात काम करणाऱ्या आर. व्ही. जोन्स नावाच्या अठ्ठावीस वर्षांच्या भौतिकशास्त्रज्ञासमोर १२ जूनला एक जर्मन संदेश ठेवण्यात आला. ब्लेचली पार्कमधील सांकेतिक लिपीच्या अभ्यासकांनी तो उलगडला होता. संदेश एका वाक्याचा होता. त्यात ‘क्निकेबाइन’ हा शब्द होता, ‘क्लेवे’ हे नाव होते, ५३ अंश २४ मिनिटे उत्तर आणि १ अंश पश्चिम असा एक बिंदू होता, आणि शेवटी ‘आइनगेरिष्टेट’ हे क्रियारूप होते. एवढ्या सामग्रीवरून अर्थ लावायचा होता.

‘क्निकेबाइन’ म्हणजे शब्दशः मोडका किंवा वाकडा पाय. त्याआधी मार्चमध्ये पाडलेल्या एका हाइन्केल बॉम्बर विमानात सापडलेल्या कागदाच्या चिटोऱ्यावर हा शब्द रेडिओ-दीप अशा अर्थाच्या शब्दाबरोबर आला होता. क्लेवे हे जर्मनीच्या पश्चिम टोकाला, डच सीमेजवळ असलेले गाव. दिलेला बिंदू मात्र इंग्लंडमध्ये, रेटफर्ड या गावाच्या परिसरात पडत होता. उरले क्रियापद. ‘आइनरिष्टेन’ म्हणजे मांडणे, बसवणे, स्थापन करणे. या अर्थाने वाचले तर ‘क्निकेबाइन’ नावाचे काहीतरी त्या इंग्रजी बिंदूवर बसवलेले आहे, असे निघते. शत्रूच्या हेरांनी खुद्द इंग्लंडात काही यंत्र लपवले आहे काय, असा प्रश्न त्यातून उभा राहतो. पण या क्रियापदाच्या पोटात ‘रिष्टेन’ आहे, म्हणजे दिशा देणे, नेम धरणे. त्या अंगाने वाचले तर क्लेवे येथील यंत्राचा रोख इंग्लंडमधील त्या बिंदूवर आहे, असा अर्थ होतो. मराठीत सांगायचे तर प्रश्न एका अक्षराचा होता : ‘क्निकेबाइन’ तिथे रोवले आहे, की तिथे रोखले आहे? लाकूड रोवतात, बाण रोखतात. जोन्स यांनी दुसरा अर्थ घेतला.

हा अर्थ घेण्यामागे केवळ भाषिक अंदाज नव्हता. विमान उतरवण्यासाठी जर्मन बॉम्बर विमानांत जे लोरेन्झ ग्राहकयंत्र बसवलेले असे, ते त्या कामासाठी आवश्यक होते त्याहून फार अधिक संवेदनशील आहे, हे ब्रिटिश तंत्रज्ञांनी पाडलेल्या विमानाच्या तपासणीत पाहिले होते. जर्मन युद्धकैद्यांची आपसांतली कुजबुजही कानावर आली होती, की इंग्रजांनी कितीही शोधले तरी त्यांना ते यंत्र सापडणार नाही. म्हणजे ते डोळ्यांसमोरच असले पाहिजे. घरी परतण्यासाठी केलेली योजना परक्या शहरावर जाण्यासाठी वापरली जात होती. धुक्यातला आधार तोच अंधारातला बाण झाला होता, आणि यंत्रात फारसा फरक करावा लागला नव्हता.

२१ जूनला पंतप्रधान चर्चिल यांच्यापुढे बैठक झाली. जोन्स यांनी सुमारे वीस मिनिटे पुराव्याची कडी कडीला जोडत सर्व मांडणी केली. त्याच दिवशी दुपारी दुसऱ्या बैठकीत टी. एल. एकर्सली या रेडिओलहरींच्या नामवंत तज्ज्ञाने मत दिले, की इतक्या लघुलहरी पृथ्वीच्या वक्रतेभोवती वळून क्लेवेहून मध्य इंग्लंडपर्यंत पोहोचणार नाहीत. जोन्स यांनी आधी आधार घेतला होता तो याच तज्ज्ञाच्या आकडेमोडीचा. तरीही ठरलेले शोध-उड्डाण रद्द झाले नाही. त्या रात्री एका ॲन्सन विमानाने ती वाट हुडकून काढली. स्पॉल्डिंगच्या दक्षिणेस मैलभर अंतरावरून सुमारे चारशे ते पाचशे यार्ड रुंदीचा एक पट्टा जात होता. त्याच्या दक्षिणेला टिंबे, उत्तरेला रेघा, मध्ये अखंड सूर. बीस्टनच्या बाजूने जाणारा दुसरा असाच पट्टा सापडला. दोन्हींचा रोख डर्बीच्या भागावर होता, जिथे लढाऊ विमानांची मर्लिन इंजिने बनवणारा रोल्स-रॉइसचा कारखाना उभा होता. शब्दाचा अर्थ आकाशात जाऊन पडताळून पाहता यावा, असा प्रसंग भाषाभ्यासकाच्या वाट्याला क्वचितच येतो.

पुढचा भाग नामकरणाचा आहे. ब्रिटिशांनी ‘क्निकेबाइन’ला ‘हेडेक’, म्हणजे डोकेदुखी, असे टोपणनाव दिले. त्यावर उपाय म्हणून उभारलेल्या अडथळा-प्रक्षेपकांना ‘ॲस्पिरिन’. आणखी योगायोग असा, की घाईघाईने उभी केलेली पहिली अडथळायंत्रे ही रुग्णालयांत शेक देण्यासाठी वापरली जाणारी विद्युत्-उपकरणे होती. काम साधे होते. जर्मन रेघांसारख्याच रेघा आपल्याकडून सोडायच्या, म्हणजे वैमानिकाला अखंड सूर मिळणार नाही किंवा नको तिथे मिळाल्याचा भास होईल.

येथून एक दंतकथा जन्माला आली : इंग्रजांनी ‘बीम वाकवला’. स्वतः चर्चिल यांनी आपल्या युद्धेतिहासात या प्रकरणाला जादूगारांच्या युद्धाचे रूप दिले, आणि वाकवलेल्या बीमची कथा नंतर कित्येक वर्षे सांगितली गेली. वस्तुतः हे पहिले ‘ॲस्पिरिन’ मूळ संकेतांच्या तालाशी जुळवलेले नव्हते. त्यांनी गोंधळ होई. वाट आखीवपणे दुसरीकडे वळत नसे. मग कथा इतकी का टिकली? कारण ‘बीम’ शब्दात लाकूड आहे. जे भरीव आहे ते वाकवता येते. दोन आवाजांमधला समतोल बिघडवला, असे म्हणण्याने चित्र उभे राहत नाही, कथा होत नाही. शब्दाने वस्तू निर्माण केली आणि वस्तूने पुराण. शिवाय त्या पुराणात एक प्रश्न सोयीस्करपणे गळून पडतो. एका शहरावरून चुकलेला बॉम्ब नाहीसा होत नाही; तो कुठेतरी पडतोच, आणि जिथे पडतो तिथे माळरानच असेल असे नाही.

साहित्याच्या माणसाला सर्वांत विचारात पाडणारा प्रसंग मात्र ‘वोटान’चा आहे. १९४० च्या उन्हाळ्यातच एका संदेशात ‘क्निकेबाइन’च्या जोडीला ‘वोटान’ हे नाव आले. जोन्स यांनी ब्लेचली पार्कमध्ये असलेल्या फ्रेडरिक नॉर्मन यांना दूरध्वनी केला. नॉर्मन हे लंडनच्या किंग्ज कॉलेजातील जर्मनचे प्राध्यापक. वोटान हा जर्मन देवांचा प्रमुख, एवढे सांगता सांगता त्यांना आठवले, की वोटान एकाक्ष आहे. एक डोळा, म्हणजे एक बीम! दोन पट्ट्यांच्या छेदाऐवजी एकाच पट्ट्यावर अंतर मोजून लक्ष्य ठरवणारी काही पद्धत असावी, असा तर्क जोन्स यांनी केला. अशा अंतरमापनाचा उल्लेख १९३९ साली ओस्लोमार्गे हाती आलेल्या एका निनावी टिपणातही होता. पुढे असे एकशलाकी यंत्र, जर्मनांचे ‘वाय-गेरेट’, खरोखर निघाले. इतकेच नव्हे, तर लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधला युद्धामुळे बंद पडलेला दूरचित्रवाणी-प्रक्षेपक वापरून त्याला निष्प्रभही करण्यात आले.

प्रतिमावाचनाचा हा दिग्विजय वाटतो. ‘फ्राया’ या नावाच्या बाबतीतही असेच घडले होते. त्या देवतेच्या कंठहाराचा रखवालदार हाइमडाल दिवसा-रात्री शंभर मैलांपर्यंत पाहू शकतो, या पुराणकथेवरून ‘फ्राया’ हे दूरवरचे हेरणारे रडार असावे असा अंदाज करण्यात आला, आणि तो खरा ठरला. पण ‘वोटान’ची हकिकत इथे संपत नाही. नंतर उघड झाले, की ‘वोटान’ हे नाव एका यंत्राचे नव्हते. ‘वोटान-एक’ आणि ‘वोटान-दोन’ अशा दोन यंत्रणा होत्या. एकाक्षाची उपमा दुसरीला लागू पडत होती. पहिली, जिला ‘एक्स-गेरेट’ म्हणत, ती एका नव्हे तर अनेक बीमवर चालत असे. म्हणजे नावाच्या आधाराने केलेला तर्क निष्कर्षात खरा ठरला, पण त्याचा पाया खरा नव्हता.

आपण वर्गात कवितेतील एखाद्या प्रतिमेचा अर्थ लावतो, तो पुढे कवीच्या चरित्रातील एखाद्या तपशिलाशी जुळतो, आणि आपण समाधानाने पुस्तक मिटतो. जुळणे म्हणजे सिद्ध होणे नव्हे, हे ‘वोटान’ शिकवतो. जोन्स यांचे मोठेपण असे, की प्रतिमेने सुचवलेले त्यांनी पुराव्याच्या जागी बसवले नाही. सुचलेल्या अर्थाला कागद, कैद्यांचे बोलणे, यंत्राचे सुटे भाग आणि आकाशातला सूर यांच्यापुढे उभे केले. युद्धानंतर तीन दशकांनी, १९७८ साली प्रसिद्ध झालेल्या ‘मोस्ट सीक्रेट वॉर’ या ग्रंथात त्यांनी ही सारी हकिकत सांगितली, ती फसगतींसकट.

ही काळजी जिथे अपुरी पडली तिथे काय झाले, तेही पाहिले पाहिजे. ‘एक्स-गेरेट’च्या बीमना नद्यांची नावे होती. मुख्य बीम ‘वेसर’. त्याला लक्ष्याच्या अलीकडे क्रमाने छेदणारे ‘ऱ्हाइन’, ‘ओडर’, ‘एल्बे’. या नद्या ओलांडताना विमानातले घड्याळ चाले किंवा थांबे, आणि शेवटी बॉम्ब आपोआप सुटत. १४ नोव्हेंबर १९४० च्या रात्री या वाटेने आलेल्या विमानांनी कॉव्हेन्ट्री शहर पेटवून दिले. साडेपाचशेहून अधिक माणसे मेली. त्या रात्री ब्रिटिश अडथळायंत्रे चालू होती. पण जोन्स यांनी पुढे लिहिल्याप्रमाणे, त्यांच्या सुराची पट्टी चुकली होती. जर्मन ग्राहकयंत्रातील गाळणी सेकंदाला २००० कंपनांचा सूर तेवढा आत घेई, आणि अडथळ्याचा सूर होता १५०० कंपनांचा. त्यामुळे वैमानिकाच्या कानापर्यंत तो पोहोचलाच नाही. सूर नेमका ओळखता आला असता असे ग्राहकयंत्र आठवडाभर आधीच ब्रिटिशांच्या हाती आले होते. एक हाइन्केल विमान ६ नोव्हेंबरला डॉर्सेटच्या किनाऱ्यावर उतरले होते. संहितेत एक अक्षर चुकीचे वाचले तर पाठ बिघडतो. इथे एक स्वर चुकीचा ऐकला गेला होता.

या इतिहासात एक बाजू वाचणाऱ्यांची आणि दुसरी मारणाऱ्यांची, असे मानून मोकळे होण्याचा मोह होतो. तो टाळला पाहिजे. १९४२ पासून ब्रिटिशांनी स्वतःच्या रेडिओवाटा जर्मनीवर रोखल्या. त्यांतल्या सर्वांत अचूक पद्धतीचे नाव होते ‘ओबो’. वैमानिकाच्या कानातला सूर त्या सुषिर वाद्यासारखा वाटे, म्हणून हे नाव पडले. इंग्लंडमधील दोन केंद्रे विमानाचे अंतर सतत मोजत, आणि मार्ग जरा सुटला की सुराची जागा टिंबे किंवा रेघा घेत. जमिनीवर बसलेला माणूस शेकडो मैलांवरच्या विमानाला अक्षरशः हाकत असे, आणि बॉम्ब कधी सोडायचा तो इशाराही तोच देई. १९४३ साली ऱ्हूरच्या खोऱ्यातील शहरे या सुराच्या मागोमाग जळाली. ‘रश्मि’ या शब्दातल्या लगामाचा याहून काटेकोर अर्थ शोधून सापडणार नाही. एका वाद्याचे गोड नाव आणि त्याखाली घडलेले काम, यांच्यामधले अंतर मोजायला मात्र कोणते यंत्र नव्हते.

युद्ध संपले, यंत्रे बदलली. अमेरिकेतील ‘ए-एन’ मार्गांची जागा पन्नाशीच्या दशकात नव्या दिशादर्शक केंद्रांनी घेतली. पण समसंकेताचे तत्त्व मेले नाही. आज धुक्यात किंवा पावसात धावपट्टीवर उतरणारे विमान ज्या उपकरण-अवतरण पद्धतीचा आधार घेते, तिच्यात टिंबे-रेघांऐवजी ९० आणि १५० कंपनांचे दोन सूर असतात, आणि त्या दोघांचा जोर सारखा झाला की विमान धावपट्टीच्या मध्यरेषेवर असते. वैमानिक ते आता ऐकत नाही. काटा मध्यावर स्थिर झालेला पाहतो. बाणाचा पुन्हा आधार झाला आहे. उपग्रहांवर आधारलेल्या पद्धतींत तर ठरावीक वाट अशी उरलेलीच नाही. तिथे अनेक उपग्रहांपासूनची अंतरे मोजून आपले ठिकाण काढले जाते. भारताच्या अशा पद्धतीला २०१६ साली ‘नाविक’ हे नाव देण्यात आले. इंग्रजी आद्याक्षरे जुळवून केलेले हे नाव आहे खरे. पण वाचणाऱ्याच्या मनात उभा राहतो तो होडीतला माणूस.

राहता राहिला आपल्या भाषेचा प्रश्न. मार्गनिर्देशनातल्या या ‘बीम’ला मराठीत काय म्हणावे? ‘शलाका’ रूढ आहे आणि ती चुकीची नाही. पाठशाळांच्या जुन्या परंपरेत शलाका-परीक्षा असे : पोथीच्या पानांत शलाका खुपसायची, ती जिथे पडेल तिथून विद्यार्थ्याने विवेचन सुरू करायचे. नेम आणि वाचन यांचा असा संयोग त्या शब्दात आहे, हे आपल्या विषयाला शोभणारेच आहे. पण शलाका म्हटली की पुन्हा ती सडपातळ, भरीव वस्तू डोळ्यांसमोर येते, जी आकाशात कधीच नव्हती. ‘किरण’ने तेच होते.

कदाचित योग्य शब्द आपल्या घराच्या आढ्याला कित्येक शतके टेकून उभा आहे. ‘बीम’चा मराठीतला पहिला अर्थ आपण सांगतो तो तुळई, आणि तुळईच्या पोटात ‘तुला’ आहे. संस्कृतात ‘तुला’ म्हणजे तराजू, तुला म्हणजे समानता, आणि तुला म्हणजे छपराचे आडवे लाकूडही. समसंकेताची सारी गोष्ट या एका शब्दात बसते : दोन्ही पारडी सारखी झाली, की वाट सापडली. परिभाषेच्या समितीने ‘तुळई’ स्वीकारावी असे सुचवण्याचा हेतू नाही. गवंड्याच्या हाती असलेला शब्द वैमानिकाच्या हाती देणे व्यवहारात अवघडच होईल. पण पारिभाषिक शब्द घडवताना आपण इंग्रजी शब्दाची कोणती प्रतिमा उचलतो आणि कोणती मागे ठेवतो, याचा विचार व्हायला हवा. इंग्रजीतल्या लाकडाचे आपण डोळे मिटून मराठी लाकूड केले, तर वाकवलेल्या बीमची दंतकथाही आपल्याकडे अनुवादित होऊन येईल.

तांत्रिक शब्द एकार्थी असतो असे विद्यार्थ्यांना सांगण्यापूर्वी म्हणून एवढे तरी आठवावे, की १९४० साली एका क्रियापदात ‘रोवणे’ आहे की ‘रोखणे’, हे ठरवण्यासाठी एका देशाला रात्रीच्या अंधारात विमान धाडावे लागले होते.